वाचकांचे प्रश्न : कार्टून मालिकेचा दिग्दर्शक नेमके काय करतो?

प्रश्न : ‘द सिम्पसन्स’ ही मालिका मी आवडीने पाहतो. विनोद लेखकांचे असतात, आवाज कलाकारांचे असतात. मग दिग्दर्शक म्हणून ज्याचे नाव पडद्यावर येते, त्याच्या वाट्याला काय उरते?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : आपली शंका रास्त आहे. या मालिकेत संहितावाचन आणि ध्वनिमुद्रण आधी होते, त्यामुळे दिग्दर्शकाच्या हाती भाग येतो तो जवळजवळ श्रुतिकेच्या रूपात. पात्र कुठे उभे राहील, बोलताना कोणाकडे पाहील, ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवायचा की नाही, आणि संवाद संपल्यावर किती क्षण स्तब्धता राखायची, हे सारे तो स्टोरीबोर्डवर (प्रसंगांच्या क्रमवार रेखाटनांवर) आणि नंतर अ‍ॅनिमॅटिकमध्ये (ती रेखाटने आवाजाबरोबर जुळवून केलेल्या कच्च्या चित्रफितीत) ठरवतो. सेकंदाला २४ चौकटींच्या हिशेबात पाचसहा चौकटी मागेपुढे झाल्या तरी हशा हुकतो. शिवाय महत्त्वाच्या पोझ लॉस एंजेलिसमध्ये ठरतात आणि मधली असंख्य रेखाटने दक्षिण कोरियातल्या स्टुडिओत होतात, म्हणजे आपल्या मनातला अभिनय कागदावर इतक्या नेमकेपणाने उतरवावा लागतो, की समुद्रापलीकडच्या चित्रकाराला तो न विचारता कळावा.

या मालिकेचे एक दिग्दर्शक डेव्हिड सिल्व्हरमन यांची कारकीर्द या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. १९५७ साली जन्मलेल्या आणि लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात अ‍ॅनिमेशन शिकलेल्या सिल्व्हरमन यांनी १९८७ पासून वेस आर्चर यांच्याबरोबर ‘द ट्रेसी उलमन शो’ या अमेरिकी दूरचित्रवाणी कार्यक्रमातले सिम्पसन कुटुंबाचे छोटे तुकडे चित्रित केले. सिम्पसन कुटुंबाचे जनक मॅट ग्रेनिंग यांच्या ओबडधोबड रेखाटनांतली पात्रे हलती झाली ती तिथे. पुढे अर्ध्या तासाची मालिका ठरली, आणि पहिलाच तयार झालेला भाग कोरियाहून परत आला तेव्हा निर्मात्यांनी कपाळाला हात लावला. त्यात दार आपटले तर ते रबरासारखे वाकत होते. जुन्या कार्टूनपटांत ते शोभले असते, पण सिम्पसनांचे घर खऱ्या घरासारखे टणक असावे, अशी इथे अपेक्षा होती. भिंतीच लवचीक असतील, तर कुटुंबातला बाप होमर भिंतीवर आदळला तरी त्याला लागले असे कोणाला वाटणार? पुढचा, सिल्व्हरमन यांनीच दिग्दर्शित केलेला भाग मात्र ठाकठीक निघाला आणि मालिका तगली. फसलेल्या भागाचा बराचसा हिस्सा नव्याने करावा लागला, त्यातही सिल्व्हरमन यांचा हात होता, आणि तो भाग थेट १३ मे १९९० रोजी, पहिल्या पर्वाच्या अखेरीस दाखवला गेला. मालिकेची सुरुवात त्याऐवजी १७ डिसेंबर १९८९ रोजी नाताळच्या भागाने झाली. त्याचेही दिग्दर्शन त्यांचेच होते.

माझ्या मते त्यांचे कसब सर्वांत स्पष्ट दिसते ते १९९५ मधल्या ‘मदर सिम्पसन’ या भागाच्या शेवटी. बऱ्याच वर्षांनी भेटलेली आई पुन्हा निघून गेल्यावर होमर गाडीवर बसून चांदण्यांकडे पाहत राहतो, आणि त्या चित्रावरच श्रेयनामावली सरकते. तोवर वीस मिनिटे हसवून झालेले असते. तिथे एकही विनोद घातलेला नाही, हा निर्णयही विनोदी मालिकेच्या जाणकारीचाच भाग आहे.

प्रश्न : अशा दिग्दर्शकांना पुढे चित्रपट मिळतात का, की आयुष्यभर मालिकाच करावी लागते?
– एक विद्यार्थिनी, कोल्हापूर

उत्तर : मिळतात, आणि या मालिकेतून पुष्कळांना मिळाले. रिच मूर यांनी इथे अनेक भाग केले आणि पुढे डिस्नेच्या ‘झूटोपिया’चे सहदिग्दर्शन केले. जिम रीअर्डन ‘वॉल-ई’च्या पटकथेत सहलेखक होते. सिल्व्हरमन स्वतः पिक्सारच्या ‘मॉन्स्टर्स, इंक.’ (२००१) या चित्रपटाचे एक सहदिग्दर्शक होते, आणि २००७ साली ‘द सिम्पसन्स मूव्ही’ त्यांच्याचकडे आला. (फावल्या वेळात ते ट्युबा वाजवतात, विनोदाचे टायमिंग त्यातून आले की काय, कोण जाणे!) २०१२ मध्ये त्यांनी केलेल्या ‘द लाँगेस्ट डेकेअर’ या लघुपटात होमरची तान्ही मुलगी मॅगी पाळणाघरात एका सुरवंटाला वाचवू पाहते. संवाद जवळजवळ नाहीतच, म्हणजे आधी मुद्रित झालेल्या आवाजाचा आधारही दिग्दर्शकाला नाही. त्याला ऑस्करचे नामांकन मिळाले. पुरस्कार मात्र डिस्नेच्या ‘पेपरमॅन’ने नेला.