दंड भरला की चोरीचा गुन्हा मिटतो का?

प्रश्न : आम्ही गोदाकाठचे. घराच्या पायासाठी नदीतून वाळू आणताना रात्री पथकानं आमचा ट्रॅक्टर धरला. पावती नव्हती, हे कबूल. तहसीलची नोटीस आली : दीड ब्रास वाळू, ब्रासला 4,000 रुपये बाजारभाव, त्याच्या पाचपट 30,000, वर स्वामित्वधन (रॉयल्टी) 900. ट्रॅक्टर सोडवायला 1 लाख वेगळे. पोलिसांनी मुलावर चोरीचा गुन्हाही नोंदवलाय. गावातले म्हणतात, 'दंड भरा, गुन्हा आपोआप मिटतो.' खरं काय? – एक शेतकरी, परभणी जिल्हा

उत्तर : नाही मिटत. महसुलात बत्तीस वर्षं काढली, नायब तहसीलदार म्हणून निवृत्त झालो; हा 'आपोआप' तेव्हाही प्रत्येक चावडीवर ऐकायचो.

तुम्हाला आलेला दंड जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) चा आहे. तो भरला की महसुलाचं देणं फिटतं, एवढंच. गुन्हा मिटवायची तरतूद 1957 च्या खाण व खनिज अधिनियमात, कलम 23अ मध्ये आहे. अधिकार असलेल्या अधिकाऱ्यानं रक्कम घेऊन तडजोड केली, की त्या कायद्याखालची कारवाई थांबते. पण त्याच कायद्याखालची. चोरीचं कलम वेगळ्या कायद्यातलं. उज्जैनच्या एका प्रकरणात लोकांनी तडजोडीचे पैसे भरले होते. तरी 'जयंत विरुद्ध मध्य प्रदेश' या डिसेंबर 2020 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की चोरीचा खटला त्यानं अडत नाही. पूर्वीचं भारतीय दंड संहितेचं चोरीचं कलम 379 म्हणजे आता भारतीय न्याय संहितेचं 303(2). तेव्हा मुलासाठी वकील बघावाच लागेल. दंडाची पावती जामिनाच्या वेळी दाखवायला उपयोगी पडेल, पण तिच्यानं केस बंद होणार नाही.

आता ट्रॅक्टरचा 1 लाख. हा आकडा नियमातलाच आहे, त्यावर घासाघीस नाही. मात्र जप्त वाहन 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी नेमलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं आणि सोडायचा आदेशही त्यांचाच लागतो. तुमच्या कागदावर सही कुणाची आहे? तहसीलदारांचीच असेल, तर तो मुद्दा वकिलाला आधी दाखवा. मुंबई उच्च न्यायालयात असे आदेश टिकलेले नाहीत.

आणि ते 'दीड ब्रास' मला पटत नाही. पंचनामा काढून वाचा. ट्रॉलीची लांबी, रुंदी, वाळूची उंची फुटांत लिहिलीय, की नुसतं 'अंदाजे'? रात्री बॅटरीच्या उजेडात टेप कोण धरतंय! शंभर घनफूट म्हणजे एक ब्रास. ट्रॉली 10 बाय 6 आणि वाळू दीड फूट असेल, तर 90 घनफूट, म्हणजे 0.9 ब्रास. मग पाचपट होते 18,000, स्वामित्वधन 540. सरळ 12,360 रुपयांचा फरक. शिवाय कायद्यात 'पाचपटीपर्यंत' आहे, पाचपटच असं नाही. पहिलीच वेळ आहे, वाळू घरासाठी होती, हे खुलाशात लिहा. ऐकणारा साहेब असेल तर ऐकतो.

खुलासा तोंडी देऊ नका. दोन प्रती करा, एकीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. आदेश विरोधात गेला, तर प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) अपील करा, मुदत 60 दिवस. पैसे चलनानंच भरा. कुणाच्या मोबाईलवर 'मिटवून देतो' म्हणून पाठवलेत, तर ते गेले आणि दंडही तसाच राहिला.

ट्रॅक्टर सोडताना जातमुचलका लिहून घेतील, पुन्हा अशा कामाला वापरणार नाही म्हणून. सही करण्याआधी त्यातली रक्कम बघा. ती ट्रॅक्टरच्या बाजारभावाइतकी असू शकते, आणि शेजाऱ्यानं 'एकच खेप' म्हणून ट्रॅक्टर मागून नेला, तरी ती तुमच्याच अंगावर येते.