गृहकर्ज घेताना हप्त्याकडे नाही, एकूण रकमेकडे बघ

भाऊ, नागपूरच्या बेसा भागातला फ्लॅट पसंत पडला, आनंद आहे. पण बँकेत गेलास की पहिला प्रश्न "हप्ता किती बसेल?" हा विचारू नकोस. "शेवटपर्यंत एकूण किती भरावे लागतील?" हे विचार.

४० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं धर. हप्ता साधारण ३४,७०० रुपये. त्यातले पहिल्या महिन्यात २८,३३३ नुसतं व्याज, मुद्दल फिटते जेमतेम ६,४०० ची! वीस वर्षांत व्याजच ४३ लाखांवर जातं. मुदत ३० वर्षं केली, तर हप्ता चारेक हजारांनी उतरतो, पण व्याज ७० लाखांच्या पुढे. त्या चार हजारांच्या मोहात पडू नकोस, कळकळीनं सांगतो.

दर वाढला की बँका बरेचदा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात आणि आपल्या ते लक्षातही येत नाही. रिझर्व्ह बँकेच्या २०२३ च्या नियमानुसार हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडायचा हक्क तुझा आहे. तो वापर. दर वर्षी परतफेडीचं वेळापत्रक मागवून किती हप्ते उरले ते बघत जा.

बदलत्या दराच्या कर्जावर मुदतीआधी पैसे भरले तरी दंड नाही. बोनस आला की वर्षाला एक जादा हप्ता मुद्दलात टाक, सुरुवातीपासून टाकलास तर तीन वर्षांहून जास्त मुदत कमी होते. फक्त "हप्ता तोच, मुदत कमी करा" असं लेखी दे.

मुद्रांक शुल्क, नोंदणीचे ३०,००० आणि प्रक्रिया शुल्क वेगळं काढून ठेव. घर वहिनींच्या नावावर घेतलंत तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट मिळते.