जुन्या छापील चित्रांची सवय आणि आधुनिक चित्र

आधुनिक चित्रे पाहायला सुरुवात करताना आपली नजर कोरी नसते, हे तुम्ही आधी लक्षात घ्यावे. 1894 मध्ये मुंबईत सुरू झालेल्या आणि पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेलेल्या रविवर्मा छापखान्याने देवघरापासून दिवाणखान्यापर्यंत जी चित्रे पोहोचवली, त्यांतून गोलाईदार देह, छायाप्रकाश आणि ओळखता येणारी कथा म्हणजेच चित्र, अशी समजूत आपल्याकडे रुजली. म्हणूनच 1947 मध्ये प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप हा आधुनिक चित्रकारांचा गट स्थापन करणाऱ्यांपैकी एक असलेल्या चित्रकार एफ. एन. सूझांची जाड, काळी रेषा पुष्कळांना आजही ओबडधोबड वाटते.

जुन्या चित्रांचा पिवळसर, शांत रंग तर विशेष फसवा असतो. प्रत्येक रंगासाठी वेगळा छपाईचा दगड वापरून छापलेल्या आणि वर व्हार्निश दिलेल्या या प्रती मुळात बऱ्याच उजळ असत. तो शांतपणा पुष्कळदा कागद आणि व्हार्निश पिवळे पडल्याने आलेला असतो. (फोनवरचे ‘विंटेज’ फिल्टर नेमकी हीच झीज विकतात.) तेव्हा एखाद्या आधुनिक चित्राला भडक म्हणण्यापूर्वी आपण त्याची तुलना कशाशी करत आहोत, हे तपासावे.

आधुनिक चित्रकार भूपेन खख्खर यांच्यापासून सुरुवात करणे मला सर्वांत सोयीचे वाटते, कारण बाजारातल्या कॅलेंडर-चित्रांची भाषा त्यांनी जाणीवपूर्वक उचलली आणि त्यामुळे ओळखीचे काय व बदललेले काय, हे तिथे शेजारी शेजारी दिसते. अमूर्त चित्रांसाठी ओळखल्या जाणाऱ्या एस. एच. रझांकडे नंतर वळावे, आणि तेही शक्यतो मूळ चित्रांसमोर उभे राहून.