कंट्री संगीत कधीच ऐकलं नाही. एखाद्या गायिकेने स्वतः लिहिलेला एकच आल्बम ऐकायचा तर कोणता?

तुम्ही लिहिलंय की कंट्री म्हटलं की टोपी, घोडा आणि बॅन्जो एवढंच डोळ्यांपुढे येतं, आणि गाण्यातलं इंग्रजी भराभर कळत नाही. तरीही माझं उत्तर ल्युसिंडा विल्यम्सचा 'कार व्हील्स ऑन अ ग्रॅव्हल रोड' हेच आहे. डॉली पार्टन आणि लोरेटा लिन ही नावं तुम्हाला कुणीही सांगेल, आणि त्या दोघी थोरच आहेत. पण नव्याने ऐकणाऱ्याच्या हातात मी हा १९९८ चा आल्बम देते, कारण यातली गाणी कळायला फार इंग्रजी लागत नाही. गावांची नावं आणि घरातल्या वस्तू ओळखता आल्या की पुरे.

ही बाई भावना बोलून दाखवत नाही, जागा सांगते. शीर्षकगीतच घ्या. जॉर्जियातल्या मेकन गावातलं एक स्वयंपाकघर, रेडिओवर लोरेटा लिन, कॉफीचा आणि अंडी-बेकनचा वास, बाहेर खडीच्या रस्त्यावर गाडीची चाकं वाजतात. मग आवराआवर, धुळीने माखलेली सुटकेस, चल, निघायचंय. शेवटाकडे मागच्या सीटवर चार-पाच वर्षांचं एक मूल खिडकीतून बाहेर बघत बसलंय आणि त्याच्या गालावर धूळ आणि आसवं एकत्र झालीत. पुढच्या सीटवर मोठी माणसं हळू आवाजात काहीतरी बोलताहेत. जॅक्सनला कुणाला तरी भेटायचंय एवढं कळतं, पण भांडण कशाचं, घर का सोडलं, यातलं काहीही गाण्यात नाही. मुलाला जेवढं ठाऊक असेल तेवढंच आपल्याला कळतं.

तिचे वडील मिलर विल्यम्स हे नावाजलेले कवी. १९९७ साली अमेरिकेचे अध्यक्ष क्लिंटन यांच्या दुसऱ्या शपथविधीला कविता वाचणारे तेच. प्राध्यापकीच्या नोकरीपायी त्यांचं बिऱ्हाड दक्षिणेतल्या राज्यांमधून सतत हलत राहिलं. हे गाणं ऐकल्यावर त्यांनी मुलीची माफी मागितली, कारण मागच्या सीटवरचं मूल कोण ते त्यांनी लगेच ओळखलं. लिहिताना तिच्या स्वतःच्या ते लक्षात आलं नव्हतं. मला ही हकीकत फार मोलाची वाटते.

सुरुवात मात्र शीर्षकगीताने करू नका, 'लेक चार्ल्स'ने करा. लेक चार्ल्स हे लुईझियानातलं गाव, ल्युसिंडाचं जन्मगाव. गाणं तिच्या एका जुन्या प्रियकरावर आहे. तो जन्मला टेक्सासमधल्या नॅकडोचेसला, पण भेटेल त्याला 'मी लेक चार्ल्सचा' म्हणून सांगायचा. दोघं पिवळ्या एल कॅमिनो गाडीतून लाफियेट, बॅटन रूजकडे भटकायचे, गाडीत हाउलिन वुल्फ या गायकाचे ब्लूज चालू असायचे. तो गेला तेव्हा ती जवळ नव्हती. ध्रुवपदात ती त्याला एवढंच विचारते, की शेवटच्या त्या लांबलेल्या घटकांमध्ये एखादा देवदूत तुझ्या कानाशी काही बोलला का, तुझी भीती घालवली का. जे गाव आपलं नाही ते आपलं म्हणणाऱ्या माणसाला, तो मेल्यावर, ती ते गाव देऊन टाकते. आपल्याकडे जात्यावरच्या ओवीत माहेरच्या गावाचं नुसतं नाव आलं तरी बाकीचं सांगावं लागत नाही. इथे गावांची नावं तेच काम करतात.

'ड्रंकन एंजल' हे ब्लेझ फोली या गीतकारावरचं गाणं. १९८९ साली ऑस्टिनमध्ये गोळी लागून तो गेला. बुटांना चिकटपट्ट्या लावून फिरणारा, प्रचंड गुणी आणि तितकाच दारूत बुडालेला. गाण्यात त्या चिकटपट्ट्या आहेत, अनाथासारखे कपडे आहेत, आणि इतकं प्रेम करणारी माणसं असताना तू स्वतःला असं का उधळलंस, हा राग आहे. शोकगीतात इतका उघड राग मी क्वचित ऐकलाय. 'ग्रीनव्हिल'मध्ये मागचा सूर गायिका एमिलू हॅरिसचा आहे, तो सुटू देऊ नका. 'कान्ट लेट गो' ठेक्यात पकडतं, पण तेवढं एक गाणं तिचं नाही, रँडी वीक्सचं आहे; माझ्या मते ते नसतं तरी आल्बमचं काही अडलं नसतं.

आता बोल कळण्याबद्दल. तिचा उच्चार ओढलेला आहे, शब्दाचं शेपूट ती गिळते. आवाज खरखरीत, जरा दमलेला. पहिल्यांदा बोल समोर उघडे ठेवूनच ऐका, आणि शेजारी नकाशा. 'जॅक्सन' या शेवटच्या गाण्याला तर नकाशा हवाच. एक बाई कुणाला तरी सोडून गाडीने निघालीय. लाफियेटला पोचले की मला काही वाटणार नाही, बॅटन रूजला पोचले की डोळ्यांत पाणी येणार नाही, मग व्हिक्सबर्ग, मग जॅक्सन. लाफियेट ते बॅटन रूज बोट फिरवून बघा, जेमतेम नव्वद किलोमीटर. दर तासाला स्वतःला बजावावं लागतंय, यावरूनच तिचं काय चाललंय ते कळतं. गिटार आणि मागे एखाददुसरा सूर.

हा आल्बम आधीच्या 'स्वीट ओल्ड वर्ल्ड'नंतर सहा वर्षांनी आला. ऑस्टिनमध्ये जुना सहकारी गर्फ मॉरलिक्सबरोबर तो बराचसा ध्वनिमुद्रित झाला होता, पण तिला स्वतःचा आवाज पटेना. मग नॅशव्हिलला स्टीव्ह अर्ल आणि रे केनेडी या निर्मात्यांबरोबर नव्याने सुरुवात, आणि शेवटचे हात लॉस एंजेलिसला रॉय बिट्टन यांचे. त्या काळात तिला लहरी, हट्टी, किचकट अशी विशेषणं भरपूर मिळाली. मला याचा अजून राग येतो. पुरुषाने इतकी वर्षं लावली की तपश्चर्या, आणि बाईने लावली की लहर? कानाला हेडफोन लावून 'लेक चार्ल्स'मधला तिचा श्वास ऐका, ती वर्षं कुठे गेली ते कळेल. पुढे या आल्बमला ग्रॅमी मिळालं, तेही समकालीन लोकसंगीताच्या विभागात. म्हणून काही कट्टर मंडळी याला कंट्री मानायला तयार नसतात. त्यांच्याशी वाद घालायची गरज नाही. शीर्षकगीतातल्या रेडिओवर लोरेटानंतर कंट्रीचा जुना दिग्गज हँक विल्यम्स वाजतोच आहे.

आवडला तर मागे जाऊन १९८८ चा, तिच्याच नावाचा आल्बम ऐका. त्यातलं 'पॅशनेट किसेस' मेरी चेपिन कारपेंटरने गाऊन गाजवलं आणि १९९४ मध्ये उत्कृष्ट कंट्री गीताचं ग्रॅमी ते लिहिणाऱ्या ल्युसिंडाला मिळालं. दोन्ही गायिकांचं लागोपाठ ऐका. मला ल्युसिंडाचंच जास्त आवडतं.