'बहुजन' आणि 'बहुसंख्य'

प्रश्न असा आला आहे : 'बहुजन' आणि 'बहुसंख्य' हे शब्द समानार्थी आहेत का, आणि मराठा समाज 'बहुजनां'त मोडतो का?

बहु अधिक जन, म्हणजे पुष्कळ लोक, इतकी व्युत्पत्ती सरळ आहे. पालीतल्या 'बहुजनहिताय बहुजनसुखाय' या बुद्धवचनात तो याच अर्थाने येतो. मराठीत त्याला राजकीय धार चढली ती मतपेटीच्या संगतीने. 'ब्राह्मणेतर' हा त्या काळचा रुळलेला शब्द आपण कोण नाही एवढेच सांगत असे. महर्षी विठ्ठल रामजी शिंदे यांनी १९२० साली 'बहुजन पक्ष' काढला आणि मुंबई कौन्सिलात, म्हणजे मुंबई प्रांताच्या कायदेमंडळात, मराठ्यांसाठी राखीव जागा असताना स्वतः पुण्यातून सर्वसाधारण जागा लढवली. ते पडले, शब्द मात्र टिकला. त्यांच्या लेखी विद्या, द्रव्य आणि अधिकार यांत मागे राहिलेले ते बहुजन. अस्पृश्य आणि स्त्रियाही त्यांत आल्या.

पुढे काँग्रेसच्या काळात 'बहुजन समाज' म्हटले की प्रामुख्याने मराठा-कुणब्यांसह गावगाड्यातल्या शेतकरी आणि कारागीर जाती डोळ्यांपुढे येऊ लागल्या. भाषणांत 'बहुजन आणि दलित' अशी जोडी सर्रास ऐकू येते; त्यातला 'आणि' नीट ऐकावा, कारण दलितांना बहुजनांच्या बाहेर बसवण्याचे काम तो एवढासा शब्द गुपचूप करतो.

पुण्यात सरकारी नोकरी करताना फुले-आंबेडकरांच्या विचारांकडे वळलेल्या कांशीराम यांनी १९८४ साली बहुजन समाज पक्ष स्थापला, तेव्हा हा अर्थ उलटा झाला. अनुसूचित जाती-जमाती, इतर मागासवर्ग आणि धार्मिक अल्पसंख्याक मिळून पंच्याऐंशी टक्के बहुजन, ही त्यांची मांडणी. म्हणजे अल्पसंख्याकही बहुजनच. शब्द समानार्थी नाहीत याला याहून चांगला पुरावा नाही : 'बहुसंख्य' शिरगणतीतून ठरतात, 'बहुजन' सत्तेपासूनच्या अंतरावरून.

तेव्हा मराठे शिंद्यांच्या व्याख्येत परिस्थितीनुसार येतात, काँग्रेसी वापरात अग्रभागी असतात आणि कांशीरामांच्या यादीत सहसा नसतात. कोशात याचा निकाल लागणार नाही. वाक्यात 'बहुजनां'समोर कोणाला उभे केले आहे, ते पाहावे.

व्याकरणाची एक गंमत राहिली. मुळात समूहवाचक असलेला हा शब्द आता 'बहुजन उमेदवार', 'मी बहुजन आहे' असा एकट्या माणसालाही लागतो. एकटा माणूस 'पुष्कळ लोक' कसा, असे शुद्धिवादी विचारतील. मी मात्र हा वापर खोडणार नाही.