शोकांतिकेवर विक्षिप्त, विनोदी सिनेमा काढला तर शोकांतिका उरते का? एखादं उदाहरण सांगाल का?

उरते, पण एका अटीवर. आपलं काही हसण्यासारखं चाललंय याची पडद्यावरच्या माणसांना गंधवार्ता नसावी.

फिनलंडचा दिग्दर्शक आकी काउरिस्माकी याचा, शेक्सपिअरच्या 'हॅम्लेट'वर बेतलेला १९८७ चा 'हॅम्लेट गोज बिझनेस' बघा. डेन्मार्कच्या राज्याच्या जागी इथे एक घरची कंपनी आहे. हॅम्लेटचा बाप विषाने मरतो, क्लाउस (नाटकातल्या काकाच्या जागचा) त्याच्या विधवेशी लग्न करतो आणि संचालकांपुढे योजना मांडतो: लाकडाच्या गिरण्या विकून टाकू, पैसा रबराच्या बदकांत घालू. हो, टबात पोरं खेळतात तीच बदकं! सूटबूट घातलेली मंडळी कृष्णधवल अंधारात बसून हे ऐकतात, आणि चेहऱ्यावरची रेषही हलत नाही. ५१ टक्के शेअर हॅम्लेटकडे, म्हणून भांडण. पुढे हॅम्लेटची प्रेयसी ऑफेलिया बाथटबमध्ये जीव देते तेव्हा पाण्यावर तेच बदक तरंगत असतं. हसू येतं, पण घशातच अडकतं.

(आता शेवट फोडतोय. नको असेल तर हा परिच्छेद सोडा.) बापाचा खरा मारेकरी निघतो खुद्द हॅम्लेट! क्लाउस थोडं थोडं विष देतोय हे त्याला कळलेलं असतं, तो फक्त काम लवकर उरकतो. त्याच्या घालमेलीची कीव करत आलेल्या आपल्यासारख्यांना ही सणसणीत चपराक आहे. आणि त्याला संपवतो कोण? युनियनचा माणूस असलेला घरचा ड्रायव्हर.

'स्कॉटलंड, पीए' (२००१) जरा हलकाफुलका. १९७५ सालच्या पेनसिल्व्हेनियातल्या बर्गरच्या दुकानात शेक्सपिअरचं 'मॅकबेथ' घडतं. मालक डंकन तळणीच्या उकळत्या तेलात मरतो. तेल उडून मॅकबेथच्या बायकोचा हात भाजतो. तो डाग कधीच बरा होतो, पण तिला काही पटत नाही, मलम चोळणं चालूच. नाटकातली रक्ताचा डाग धुणारी बाई इतक्या चपखलपणे दुसऱ्या कुठल्या सिनेमात उतरलेली मी तरी पाहिलेली नाही. तपासाला येणारा मॅकडफ (क्रिस्तोफर वॉकन) शाकाहारी, हा वर बोनस.

फ्रेंच दिग्दर्शक गोदारचा 'किंग लिअर'ही १९८७ चाच. लोक त्याची फार तारीफ करतात, पण त्यात लिअर शोधत बसावं लागतं. मला कंटाळा आला.

मूळ नाटकं वाचलेली नसतील तर आधी बर्गरवाला बघा, तो तसाही कळतो. काउरिस्माकीच्या आधी मात्र हॅम्लेट वाचाच.