माईकसमोर हात बांधून उभी राहू नकोस

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

लावणीचे कार्यक्रम करता करता तुला ऑडिओबुक आणि डबिंगच्या कामाची ओढ लागली, हे वाचून बरं वाटलं. एक वाक्य मात्र खटकलं. ‘नाचाचं सगळं विसरून, पाटी कोरी करून स्टुडिओत जाईन’, असं लिहिलंयस. तेवढं करू नकोस बाई. का, ते समजावं म्हणून एका अमेरिकन नटीविषयी लिहिते. आमच्या नभोनाट्याच्या दिवसांत हिचं नाव आम्ही ऐकून होतो. तिचे कार्यक्रम मी फार उशिरा ऐकले.

फॅनी ब्राइस. जन्म १८९१चा, न्यू यॉर्कमधल्या ज्यू कुटुंबातला, खरं आडनाव बोराख. पोरवयात नाटकाच्या कोरसमध्ये घेतली गेली आणि नाचता येत नाही म्हणून काढली गेली. मग बर्लेस्क, म्हणजे स्वस्त तिकिटाचे, अघळपघळ विनोदाचे आणि नाचगाण्याचे खेळ. तिथून १९१०मध्ये फ्लोरेन्झ झिगफेल्ड या निर्मात्यानं तिला आपल्या ‘फॉलीज’मध्ये, म्हणजे झगमगीत नाचगाण्याच्या खेळात, उचललं. झिगफेल्डच्या मुली म्हणजे उंच, देखण्या, डोक्यावर पिसांचे तुरे लावून जिन्यावरून सावकाश उतरणाऱ्या. ही त्यांच्यात कुठेच बसत नव्हती. लांब नाक, मोठं तोंड, हातपाय कुठेही फेकायचे. तिनं तेच भांडवल केलं. त्या सुंदऱ्यांनी जे डौलात करायचं, ते ही वेडंवाकडं करून दाखवायची आणि थिएटर हसून लोळायचं.

तिच्या आयुष्यातला जो भाग लोक चघळतात तो मी थोडक्यात उरकते. नवरा निकी आर्नस्टाइन जुगारी, फसवाफसवीत तुरुंगात गेलेला. १९२१च्या ‘फॉलीज’मध्ये तिनं नालायक पुरुषावर जीव टाकणाऱ्या बाईचं गाणं म्हटलं, तेव्हा प्रेक्षकांना तिची घरची कहाणी ठाऊक होती. गाणं गाजायला त्याची मदत झालीच. पण आपल्या दुःखाचं तिकीट लावायचं की नाही, हे ज्याचं त्यानं ठरवावं. तू इतक्यात लावू नकोस, एवढंच माझं मत. १९२३मध्ये तिनं शस्त्रक्रिया करून नाक सरळ करून घेतलं. १९२६मध्ये गंभीर नाटकही करून पाहिलं, ते पडलं.

आता रेडिओ. विचार कर, जिची सगळी कमाई चेहरा वाकडा करण्यात, डोळे फिरवण्यात आणि ढांगा टाकण्यात, तिनं जिथे काहीच दिसत नाही अशा ठिकाणी काय करावं? शहाण्या माणसानं सांगितलं असतं, सरळ उभी राहा आणि स्वच्छ वाच. हिनं ऐकलं नसतं. १९३६मध्ये, पंचेचाळिशीला टेकलेली असताना, तिनं रेडिओवर बेबी स्नूक्स आणली. चार-पाच वर्षांची कार्टी, बापाला ‘व्हाय, डॅडी?’ विचारून विचारून रडकुंडीला आणणारी. आईच्या मंडळात मधमाश्यांचं पोळं नेऊन ठेवणारी. आणि हे करताना बाई लहान मुलीचा झगा घालून माईकपुढे उभी राहायची. समोर स्टुडिओतले मोजके प्रेक्षक, देशभरच्या श्रोत्यांना तो झगा दिसणार नव्हता. तरी घालायची. तोंड वेंगाडायची, अंग पिळायची. चष्मा लावून स्नूक्स होता येत नाही म्हणून संहिता भल्यामोठ्या अक्षरांत टाइप करून घ्यायची!

हा निव्वळ लहरीपणा नाही. गालात खाऊ कोंबलेल्या मुलीचा आवाज काढायचा तर गाल फुगावेच लागतात. खोटं बोलताना पोर एका पायावर झुलतं, त्या झुलण्यानं श्वास तुटतो आणि तो तुटलेला श्वास माईक टिपतो. नुसत्या गळ्यातून काढलेला बालिश आवाज दोन मिनिटं गंमत वाटतो, पुढे कान किटतो. स्नूक्स मध्ये थोडा खंड पडला तरी तिच्या मृत्यूपर्यंत चालली. १९५०मध्ये तिनं टेलिव्हिजनवर एकदाच स्नूक्स केली आणि नंतर स्वतःच मान्य केलं की ही पोर डोळ्यांना दिसली की जमत नाही. म्हणजे ते सगळं हातपाय हलवणं दिसण्यासाठी नव्हतंच. ऐकू येण्यासाठी होतं.

तू बैठकीची लावणी पाहिली आहेस. बाई जागची उठत नाही, पण भुवई, मान, बोटं सगळं बोलतं आणि त्याचा रंग गळ्यात उतरतो. माईकपुढे हेच कर. पाय रोवलेले, तोंड माईकपासून ठरल्या अंतरावर आणि कंबरेच्या वर सगळं मोकळं. बांगड्या, पैंजण, कडक इस्त्रीचे किंवा सळसळणारे कपडे घरी ठेव. कागदावरून वाचणार असशील तर टाचणी काढून पानं सुटी कर. ‘प’ आणि ‘फ’ आले की तोंड किंचित तिरकं. बाकीचं रेकॉर्डिस्ट सांभाळेल. तो ‘हलू नका’ म्हणाला तर भांडू नकोस, कुठपर्यंत हललेलं चालेल ते विचार.

दुसरं, बोलीबद्दल. डबिंगवाले तुझी वऱ्हाडी ऐकतील आणि मोलकरणीच्या, गावंढळ विनोदाच्या भूमिका पुढे सरकवतील. सुरुवातीला घे, पोट आहे. फॅनीसुद्धा यिडिश, म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेच्या, ढंगाच्या इंग्रजीवर उभी राहिली, तीही घरात येता-जाता बोलायची भाषा नव्हती, रंगभूमीसाठी कमावलेला ढंग होता. पण स्नूक्ससाठी तिनं ते चलनी नाणं बाजूला ठेवलं आणि माझ्या मते तीच तिची सर्वांत धाडसी गोष्ट. तुझ्या वऱ्हाडीत एखादी न्यायाधीश, एखादी प्रेमात पडलेली बाई वाचून ठेव. कुणी मागितली नाही तरी.

आणि समोरच्या नटाला ऐकायला शीक. स्नूक्सचा बाप हॅन्ली स्टॅफर्ड हा नट करायचा. त्याचा पारा पायरी-पायरीनं चढायचा म्हणून हिचा भाबडेपणा हसू आणायचा. २९ मे १९५१ला ती गेली, त्या रात्री कार्यक्रमाच्या वेळेत श्रद्धांजली म्हणून संगीत वाजवलं गेलं आणि तिच्याविषयी चार शब्द बोलायला उभा राहिला तो हाच. आता तुला बंद खोलीत एकटीनं डबिंग करावं लागेल, समोरचा नट फक्त हेडफोनमध्ये असेल. तरी त्याचं वाक्य संपेपर्यंत आपल्या पुढच्या ओळीवर नजर नेऊ नकोस. हे फार जणांना जमत नाही, आणि ऐकणाऱ्याला लगेच कळतं.

पुढच्या आठवड्यात एक काम कर. कुठल्याही कथेतलं एक पान दोनदा रेकॉर्ड कर, एकदा हात मागे बांधून, एकदा मोकळ्या अंगानं. कोणतं कुठलं ते मला सांगू नकोस. व्हॉट्सॲपवर व्हॉइस नोट पाठवू नकोस, त्यात आवाज दाबला जातो. फाइल मेलनं धाड, आणि आईला माझा नमस्कार सांग.

तुझी,
मावशी